जमीन बक्षीस दिली, मग हुकूमनाम्याचे पैसे कुठून वसूल करायचे?

दावा चालतो, निकाल लागतो, रकमेचा हुकूमनामा, म्हणजे पैसे द्यावेत असा न्यायालयाचा निर्णय (डिक्री), हातात येतो. दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, दाखल करायची म्हणून सातबारा काढला तर भोगवटादाराच्या रकान्यात ऋणकोचं, म्हणजे पैसे देणं लागणाऱ्याचं, नाव नसतं. तिथे त्याच्या बायकोचं किंवा मुलाचं नाव आलेलं असतं आणि फेरफारात कारण लिहिलेलं असतं, नोंदणीकृत बक्षीसपत्र. माणूस त्याच घरात राहतो, तीच जमीन पेरतो, पण बेलीफ दारात गेला की म्हणतो, "माझ्या नावावर काहीच नाही."

मराठवाड्यातल्या आठही जिल्ह्यांत, हातउसन्याच्या दाव्यापासून मालाच्या थकलेल्या पैशांपर्यंत, हा प्रकार नेहमीचा आहे. तो सोपाही झाला आहे. महाराष्ट्रात नवरा-बायको, मुलगा-मुलगी, नातवंडं यांना राहतं घर किंवा शेतजमीन बक्षीस द्यायची तर मुद्रांक शुल्क फक्त 200 रुपये आहे. ही सवलत कुटुंबाच्या सोयीसाठी आली आणि बहुतेक लोक ती प्रामाणिकपणेच वापरतात. काही जण मात्र तिचा आडोसा करतात, आणि डिक्रीदार (ज्याच्या बाजूने हुकूमनामा झाला तो) "आता काय, नावच बदललं" म्हणून दरखास्त सोडून देतो. तसं सोडू नये. सातबाऱ्यावरचं नाव हा महसुली नोंदीचा भाग आहे, मालकीचा शेवटचा शब्द नाही. बक्षीसपत्र नोंदलेलं असलं तरी त्याला आव्हान देता येतं. ते टिकेल की नाही, हे बहुतेक वेळा चार तारखांवर ठरतं.

वकील लागणारच. पण कुठला कागद कशासाठी लागतो हे पक्षकाराला माहीत असेल तर तो वेळेवर वकिलाच्या हातात पडतो. पुढचं सगळं त्यासाठीच लिहिलं आहे.

आधी चार तारखा एका कागदावर लिहा

कर्ज कधी झालं, दावा कधी दाखल झाला, बक्षीसपत्र कधी झालं आणि जप्तीचा हुकूम कधी झाला, या त्या चार तारखा. त्यांच्या मध्ये मागणीची नोटीस, न वटलेल्या चेकची तारीख आणि समन्स बजावल्याची तारीखही बसवा.

एक उदाहरण घेऊ. समजा, औसा तालुक्यातल्या शेतकऱ्याने नोव्हेंबर 2020 मध्ये एका खाजगी व्यापाऱ्याला सोयाबीन घातलं आणि सहा लाख रुपये अडकले. मार्च 2021 मध्ये वकिलाची नोटीस गेली. मे 2021 मध्ये व्यापाऱ्याने सहा एकर जमीन आणि लातूरचं दुकान बायकोला बक्षीस दिलं. ऑगस्ट 2021 मध्ये दावा दाखल झाला आणि 2024 मध्ये हुकूमनामा झाला. आता या एका व्यवहाराकडे तारखांनुसार कसं पाहायचं ते बघा.

बक्षीसपत्र जप्तीच्या हुकमानंतर झालं असतं तर काम सर्वांत सोपं होतं. दिवाणी प्रक्रिया संहिता 1908 च्या कलम 64 प्रमाणे जप्तीनंतर केलेलं खाजगी हस्तांतरण जप्तीखालच्या मागणीपुरतं निरर्थक असतं. त्यासाठी वेगळा दावा लागत नाही आणि हेतू सिद्ध करावा लागत नाही.

दावा चालू असताना किंवा हुकूमनाम्यानंतर, पण जप्तीच्या आधी झालं असतं, तर ते आपोआप रद्द होत नाही. इथे एक गैरसमज फार पसरलेला आहे. दावा चालू असताना जमीन हस्तांतरित केली की ते हस्तांतरण निकालाच्या अधीनच राहतं, असं पुष्कळ जण धरून चालतात. मालमत्ता हस्तांतरण अधिनियम 1882 चं ते कलम 52, आणि ते ज्या दाव्यात त्या स्थावर मिळकतीवरचाच हक्क वादात आहे त्याला लागू होतं. निव्वळ पैशाच्या दाव्यात ते कामाला येत नाही. अशा वेळी आधार असतो त्याच अधिनियमाच्या कलम 53 चा: धनकोंना, म्हणजे पैसे येणं असलेल्यांना, बुडवण्यासाठी केलेलं हस्तांतरण धनकोच्या मर्जीने रद्द होऊ शकतं.

आपल्या उदाहरणात बक्षीसपत्र दाव्याच्या आधीचं पण कर्जानंतरचं आहे. आधार तोच, कलम 53. हेतू दाखवण्याचं ओझं थोडं वाढतं, पण नोटीस मिळाल्यावर दोन महिन्यांत सगळं देऊन टाकलं, ही गोष्ट स्वतःच बोलकी आहे.

आणि बक्षीसपत्र कर्जाच्याही आधीचं असेल, तर शक्ती दुसऱ्या मालमत्तेच्या शोधात घालवावी. पुढच्या धनकोंना बुडवायचं ठरवूनच ते केलं होतं असं दाखवता आलं तर मार्ग आहे, पण तो अरुंद आहे.

दिलं ते त्याचं होतं का?

कलम 53 कडे जाण्याआधी हा प्रश्न विचारायचा, कारण काही बक्षीसपत्रं मुळातच लंगडी असतात.

बक्षीसपत्राला मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम 122 आणि 123 प्रमाणे देणाऱ्याची सही, किमान दोन साक्षीदार, नोंदणी आणि घेणाऱ्याची स्वीकृती लागते. स्वीकृती देणाऱ्याच्या हयातीत व्हायला हवी. पन्नास किंवा शंभरच्या स्टॅम्पवर नोटरी करून "जमीन मुलाला दिली" असं लिहिलेला कागद हिंदू कुटुंबात बक्षीसपत्र ठरत नाही. दरखास्तीत असे कागद सर्रास पुढे येतात, त्यांना घाबरू नका.

मुस्लिम कुटुंबातला हिबा, म्हणजे मुस्लिम कायद्याप्रमाणे दिलेलं बक्षीस, वेगळा आहे. त्याला हे नोंदणीचं कलम लागू नाही. देत असल्याचं जाहीर करणं, स्वीकारणं आणि ताबा देणं या तीन गोष्टी पुऱ्या झाल्या की तोंडी हिबाही चालतो. तो लिहून ठेवला म्हणून नोंदणी सक्तीची होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्ये हफीजा बीबी प्रकरणात स्पष्ट केलं. त्यामुळे तिथे लढाई ताब्यावर होते. ताबा खरंच दिला का, कधी दिला, आणि हिबानाम्यावरची तारीख खरी आहे का, यावर उलटतपासणी करायची. धनकोंना बुडवण्यासाठी केलेला हिबा धनकोच्या सांगण्यावरून रद्द होऊ शकतो, हे तत्त्व मुस्लिम कायद्यातही मान्य आहे.

आता वडिलोपार्जित जमीन. हिंदू एकत्र कुटुंबातल्या सहदायकाला (वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतः हक्क असलेल्याला) अविभक्त हिस्सा इतर सहदायकांच्या संमतीशिवाय बक्षीस देता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने 1987 मध्ये थम्मा वेंकट सुब्बम्मा प्रकरणात हे सांगितलं. 2022 मध्ये के. सी. लक्ष्मणा प्रकरणात "प्रेमापोटी" दिलेलं एकत्र कुटुंबाच्या मिळकतीचं बक्षीस टिकणार नाही असं म्हटलं. धर्मकार्यासाठी किंवा मुलीच्या लग्नानिमित्त वाजवी मर्यादेत दिलेलं दान याला अपवाद आहे.

जमीन वडिलोपार्जित ठरवून बक्षीसपत्र पाडलं की काम झालं, असं मात्र समजू नका. वडिलोपार्जित ठरली तर तीत मुलगा आणि मुलगी यांचे स्वतःचे हिस्से निघतात. हिंदू उत्तराधिकार अधिनियमाची 2005 ची दुरुस्ती आणि सर्वोच्च न्यायालयाचा 2020 चा विनीता शर्मा निकाल यांनंतर मुलीचा हक्क जन्मतःच आहे. नवरा, बायको, एक मुलगा, एक मुलगी अशा घरात आठ एकर वडिलोपार्जित असेल तर ऋणकोच्या वाट्याला साधारण दोन एकर येते, आणि तुमच्या हुकूमनाम्याची पोहोच तेवढीच. वडिलांचं कर्ज फेडणं हे मुलाचं धार्मिक कर्तव्य, हा जुना आधार 9 सप्टेंबर 2005 नंतरच्या कर्जाला उरलेला नाही. कर्त्याने कुटुंबाच्या गरजेसाठी, म्हणजे शेतीसाठी किंवा एकत्र धंद्यासाठी कर्ज काढलं होतं असं दाखवता आलं तर सगळ्यांचा हिस्सा बांधला जातो. म्हणून "जमीन वडिलोपार्जित आहे" म्हणायचं की "ती स्वकष्टार्जित होती, पण बक्षीसपत्र लबाडीचं आहे" म्हणायचं, हे हिशेब करून आधीच ठरवा. दोन्ही सूर एकदम लावले तर उलटतपासणीत अडचण होते.

हे ठरवायला आपल्या भागात मागे जावं लागतं ते 1954-55 च्या खासरा पत्रकापर्यंत, म्हणजे जमिनीच्या जुन्या महसुली नोंदीपर्यंत. तिथे आजोबा-पणजोबांचं नाव आहे का, की ऋणकोने नंतर खरेदीखताने जमीन घेतली, हे फेरफारांच्या साखळीवरून उलगडतं. निजाम काळातले कागद उर्दूत किंवा मोडीत असतील तर त्यांचं भाषांतर वेळेत करून घ्या, तारखेच्या आदल्या दिवशी नव्हे.

भोगवटादार वर्ग 2 (हस्तांतरणावर सरकारी बंधन असलेली), इनाम किंवा कुळाने घेतलेली जमीन असेल तर आणखी एक गाठ आहे. हैदराबाद कूळवहिवाट व शेतजमीन अधिनियम 1950 च्या कलम 50-ब ने कुळाने घेतलेल्या जमिनीच्या हस्तांतरणावर बंधन घातलं, त्यात बक्षीसही आलं. परवानगी लागत होती का आणि घेतली होती का, हे सातबाऱ्याच्या इतर हक्कांतून आणि तहसीलच्या कागदांतून पाहा. परवानगीशिवायचं बक्षीस डळमळतं. पण तेच बंधन उद्या तुमच्या लिलावालाही आडवं येऊ शकतं, हे आधीच ध्यानात घ्या.

कागद गोळा करण्याचं काम

दुय्यम निबंधक कार्यालयातून बक्षीसपत्राची प्रमाणित नक्कल काढा. स्थावर मिळकतीच्या नोंदलेल्या दस्ताची नक्कल कोणालाही मिळते, ऋणकोची परवानगी लागत नाही. नोंदणी विभागाच्या संकेतस्थळावर ई-सर्चमध्ये गाव आणि गट नंबर टाकून सूची क्रमांक 2, म्हणजे नोंदलेल्या दस्तांची सूची, पाहता येते. त्याच काळात ऋणकोने आणखी काय-काय देऊन टाकलं हे शोधणं सर्वांत महत्त्वाचं. बक्षीसपत्राबरोबर हक्कसोडपत्रं आणि वाटणीपत्रंही पाहा, कारण भावाच्या नावाने हक्क सोडणं हाही लपवण्याचाच एक रस्ता आहे.

नंतर आठ-अ, म्हणजे त्या गावात त्याच्या नावावर एकूण किती जमीन उरली. शेजारच्या गावांचेही काढा. गावठाणातल्या घरासाठी ग्रामपंचायतीचा नमुना नंबर 8, शहरातल्या मिळकतीसाठी मालमत्ता पत्रक. फेरफाराची नक्कल घेताना नोंद कधी घातली गेली आणि कधी मंजूर झाली या दोन्ही तारखा टिपा. बक्षीसपत्र 2021 चं आणि फेरफार दावा हरल्यावर 2024 चा, असा उशीर दिसला तर ते लपवाछपवीचं लक्षण आहे.

शेत कोण करतं याचे कागद वेगळ्या फाईलमध्ये ठेवा. बक्षीसपत्रानंतर पीककर्ज कोणाच्या नावाने उचललं, पीकविमा कोणी भरला, बाजार समितीत माल कोणाच्या नावाने गेला, विहिरीवरच्या मोटारीचं वीजबिल कोणाच्या नावावर आहे. ई-पीक पाहणी शेतकरी स्वतः मोबाईलवर करतो, त्यामुळे तिचं वजन कमी. एक खबरदारी सांगावीशी वाटते. नवरा-बायको एकाच घरात राहतात, तेव्हा शेत नवराच पाहतो हे कुठल्याही घरात स्वाभाविक आहे. नुसत्या त्या मुद्द्यावर केस उभी राहणार नाही. तो इतर मुद्द्यांना बळ देतो, इतकंच.

दावा अजून चालू असेल तर

हे वाचताना तुमचा दावा निकाली निघाला नसेल तर तुम्ही नशीबवान. ऋणको मिळकत विकायच्या किंवा देऊन टाकायच्या तयारीत आहे याचे ठोस धागे हाती असतील, जसं की इसार पावती किंवा दलालाशी झालेले संदेश, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 38 नियम 5 खाली निकालापूर्व जप्तीचा अर्ज करा. मोघम भीतीवर तो मिळत नाही, आणि प्रतिवादीवर दबाव टाकण्यासाठी हे हत्यार वापरू नये असं सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये रमण टेक प्रकरणात बजावलं आहे. बक्षीसपत्र आधीच झालं असेल तर या अर्जाने ते मोडत नाही. तेव्हा बक्षीस घेणाऱ्यालाही प्रतिवादी करा आणि पैशाच्या मागणीबरोबर कलम 53 चीही मागणी जोडा.

इथेच मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाचं कलम 128 आठवा, वकिलांच्याही लक्षात ते उशिरा येतं. देणाऱ्याने आपली सगळी मालमत्ता, स्थावर आणि जंगम, एकालाच बक्षीस दिली असेल तर बक्षीसाच्या वेळी त्याच्यावर जी देणी होती त्यांना तो बक्षीस घेणाराच बक्षिसाच्या मर्यादेपर्यंत जबाबदार असतो. इथे लबाडी सिद्ध करायची गरज नसते. पण "सगळी" म्हणजे खरोखरच सगळी, आणि घेणारा दाव्यात पक्षकार असेल तरच हे सहज अमलात येतं.

दरखास्त

हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीला 12 वर्षांची मुदत आहे, पण मुदत मोठी म्हणून थांबू नका. दोन वर्षं उलटली की दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 21 नियम 22 ची नोटीस आधी द्यावी लागते, आणि त्या काळात मिळकत आणखी एका हातात जाऊ शकते. हुकूमनामा पुण्याच्या न्यायालयाचा आणि जमीन बीड जिल्ह्यात, असं स्थलांतरितांच्या बाबतीत नेहमी घडतं. पुण्याचं न्यायालय बीडची जमीन विकू शकत नाही. तिथे अर्ज करून हुकूमनामा जमिनीच्या न्यायालयाकडे वर्ग करून घ्या.

पहिल्याच तारखेला आदेश 21 नियम 41 खाली ऋणकोकडून मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र मागा. ते द्यायचा हुकूम मोडला तर तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंग होऊ शकतो. प्रतिज्ञापत्रात "माझ्याकडे काही नाही" असं लिहून आलं तर वाईट वाटून घेऊ नका. बक्षीसपत्राने सगळं रिकामं केलं, याची ती त्याच्याच सहीची कबुली आहे.

त्यानंतर बक्षीस दिलेल्या मिळकतीची जप्ती मागा. अर्जात स्पष्ट लिहा की मिळकत नाममात्र बायकोच्या किंवा मुलाच्या नावावर आहे, हस्तांतरण धनकोला बुडवण्यासाठी आहे आणि आपण ते मानत नाही. कलम 53 चं हस्तांतरण धनकोच्या मर्जीने रद्द होण्याजोगं असतं, आणि जप्ती मागणं हाच ती मर्जी दाखवण्याचा मार्ग आहे. गट नंबर, क्षेत्र आणि चतुःसीमा बिनचूक द्या. जप्ती स्थावर मिळकतीची असल्याने दवंडी देणं, हुकूम मिळकतीवर, न्यायालयात आणि जिल्हाधिकारी कार्यालयात चिकटवणं, गावच्या जमिनीसाठी ग्रामपंचायतीतही, हे सगळं आदेश 21 नियम 54 प्रमाणे झालं का ते बेलीफाच्या अहवालात तपासा. दवंडी न देताच "दिली" असं लिहिलेलं असेल तर पुढे लिलाव पडू शकतो. जप्ती हुकमाची नक्कल तलाठ्याकडे (आता ग्राम महसूल अधिकारी) आणि दुय्यम निबंधकांकडे स्वतः अर्ज करून द्या, म्हणजे मिळकत तिसऱ्याच्या गळ्यात मारणं अवघड होतं.

काही गोष्टी जप्त होतच नाहीत. शेतकऱ्याचं राहतं घर, बैल, अवजारं, बियाणं यांना दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 60 चं संरक्षण आहे. शेतकऱ्याने असं घर मुलाला दिलं असेल तर त्या बक्षिसामागे लागण्यात अर्थ नाही, कारण ते त्याच्या नावावर राहिलं असतं तरी तुम्हाला मिळणार नव्हतं.

हरकत अर्ज आल्यावर

जप्ती झाली की बायको किंवा मुलगा आदेश 21 नियम 58 खाली हरकत घेतो, "मिळकत माझी आहे, जप्ती उठवा." या लढाईचा गाभा इथे आहे. 1976 च्या दुरुस्तीनंतर हा वाद दरखास्त न्यायालयच मालकीसकट ठरवतं आणि त्या हुकमाला हुकूमनाम्याइतकी किंमत असते. त्यावर अपील होतं, वेगळा दावा नाही. म्हणून "हा किरकोळ अर्ज आहे" असं समजून लेखी म्हणणं चार ओळींत संपवू नका. साक्षीपुरावा नोंदवायची मागणी करा.

कलम 53 खाली पैसे मोजून, प्रामाणिकपणे मिळकत घेणाऱ्याला संरक्षण आहे. बक्षीस घेणाऱ्याने मोबदला दिलेलाच नसतो, त्यामुळे ही ढाल त्याला मिळत नाही. धनकोला सिद्ध करायचा असतो तो देणाऱ्याचा हेतू. हेतू कोणी लिहून ठेवत नाही, तो परिस्थितीवरून काढावा लागतो, आणि न्यायालयं साधारण हे पाहतात: देणी किती होती आणि बक्षिसानंतर देणाऱ्याकडे काय उरलं, नोटीस-चेक-दावा यांच्या किती जवळ बक्षीसपत्र झालं, एकाच झपाट्यात सगळं दिलं का, व्यवहार उघड झाला की दाबून ठेवला, आणि बक्षीसपत्रात दिलेलं कारण पटण्यासारखं आहे का.

यातला पहिला मुद्दा सर्वांत वजनदार. आपल्या व्यापाऱ्याकडे बक्षिसानंतरही तीस लाखांचा प्लॉट शिल्लक असता, तर सहा लाखांच्या धनकोला त्याने बुडवलं असं म्हणता आलं नसतं. म्हणून बक्षिसाच्या दिवशीच्या देण्यांची यादी आणि उरलेल्या मालमत्तेची यादी समोरासमोर मांडा. इतर धनको, म्हणजे सोसायटी, बँक, दुसरे शेतकरी, यांची देणी त्यांच्या कागदांसह आणा.

मग ऋणकोला साक्षीला बोलवा. 2021 च्या मे महिन्यातच बक्षीस द्यावं असं काय घडलं? मुलीला का दिलं नाही? तुमच्या उपजीविकेला काय ठेवलं? या प्रश्नांची उत्तरं त्याच्यापाशीच असतात, आणि तो साक्षीला आलाच नाही तर विपरीत अनुमान (त्याच्याविरुद्ध जाणारा निष्कर्ष) काढा अशी विनंती करता येते. बक्षीसपत्रावरचे दोन साक्षीदार बहुधा घरचे किंवा दस्तलेखकाच्या ओळखीचे असतात. त्यांना पैशाच्या वादाची कल्पना होती का, हेही विचारायचं.

"कलम 53 चा मुद्दा घ्यायचा तर सगळ्या धनकोंच्या वतीने वेगळा दावा करा" हा आक्षेप हमखास येतो. त्याचं उत्तर 1963 चा सर्वोच्च न्यायालयाचा अब्दुल शकूर साहेब निकाल आहे. जप्ती करणारा धनको बचावात हा मुद्दा प्रातिनिधिक दाव्याशिवाय घेऊ शकतो, असं त्यात ठरलं. वेगळा दावा स्वतः लावायचा असेल तर मात्र तो सर्व धनकोंसाठी आदेश 1 नियम 8 च्या परवानगीने लावावा लागतो, आणि बक्षीसपत्राची माहिती झाल्यापासून तीन वर्षांची मुदत पाळावी लागते. म्हणून माझा सल्ला असा की आधी जप्ती घ्या आणि वाद त्यांना नियम 58 मध्ये आणू द्या. पण तीन वर्षं संपत आली असतील आणि जप्ती रखडली असेल, तर दावाही लावून ठेवा.

हरकत मुद्दाम उशिरा आणली असेल किंवा मिळकत विकली गेली असेल तर न्यायालय ती ऐकायला नकार देऊ शकतं. हरकत चालू असताना नियम 59 खाली विक्री थांबू शकते, जप्ती मात्र कायम राहते. सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्ये राहुल शहा प्रकरणात दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढाव्यात असं सांगितलं आहे. प्रत्यक्षात वेळ लागतो, पण तारखा मागितल्या जाऊ लागल्या की तो निकाल दाखवा.

अटकेचा मार्ग

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 51 मध्ये एक तरतूद आहे. दावा दाखल झाल्यानंतर ऋणकोने अप्रामाणिकपणे मालमत्ता दिली किंवा लपवली असेल, तर त्याला दिवाणी तुरुंगात ठेवता येतं. पैसे नसणं हा गुन्हा नाही, हे 1980 च्या जॉली जॉर्ज वर्गीस निकालाने सांगितलं आणि ते योग्यच आहे. ज्याच्या शेतात सलग दोन वर्षं काही पिकलं नाही त्याला तुरुंगाची भीती दाखवू नका. पण देऊ शकत असून ज्याने सगळं सरकवलं, त्याच्याविरुद्ध हा अर्ज परिणामकारक ठरतो. पैशाच्या हुकूमनाम्यात स्त्रीला अटक होत नाही. फौजदारी बाजूला भारतीय न्याय संहितेच्या कलम 320 मध्ये धनकोंना मालमत्ता मिळू नये म्हणून ती लबाडीने हलवणं गुन्हा आहे. तक्रार करता येते, पण पोलीस ठाण्यात "हा दिवाणी वाद आहे" हे उत्तर मिळण्याची तयारी ठेवा आणि दरखास्त ढिली सोडू नका.

पोटगीचा हुकूम असलेल्या बाईसाठी वेगळं सांगतो, कारण तिच्या बाबतीत हा प्रकार जास्त क्रूर असतो. नवरा जमीन भावाला बक्षीस देऊन मोकळा होतो. मिळकतीच्या उत्पन्नातून पोटगी मिळण्याचा हक्क असेल तर मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम 39 प्रमाणे तो फुकट मिळकत घेणाऱ्याविरुद्धही बजावता येतो, त्याला त्या हक्काची माहिती नसली तरी. अशा बाईने तालुका विधी सेवा समितीत जावं. स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, आणि 15100 या क्रमांकावर चौकशी करता येते.

ठेवी बुडवलेल्या पतसंस्थेच्या संचालकांनी बक्षिसं दिली असतील तर रस्ता वेगळा. महाराष्ट्र ठेवीदारांच्या हितसंबंधांचं संरक्षण करणाऱ्या 1999 च्या अधिनियमाखाली लबाडीने मिळकत घेणाऱ्याचीही मालमत्ता जप्त होते. तिथे दिवाणी दरखास्तीत एकट्याने अडकण्यापेक्षा ठेवीदारांनी एकत्र तक्रार द्यावी.

तुम्ही बक्षीस घेणारे असाल तर

प्रत्येक बक्षीसपत्र लबाडीचं नसतं. बापाने लेकीला लग्नात दिलेली दोन एकर, आजारी बायकोच्या आधारासाठी दिलेलं घर, यांच्यावरही एखादा डिक्रीदार जप्ती आणतो. अशा वेळी घाबरून गप्प बसणं सर्वांत महागात पडतं. नोटीस किंवा दवंडी कळताच हरकत अर्ज दाखल करा, विक्रीची वाट पाहू नका. बक्षिसाच्या वेळी देणाऱ्याकडे दुसरी पुरेशी मालमत्ता होती याचे कागद लावा. फेरफार वेळेत झाला, सारा तुम्ही भरला, कर्ज तुमच्या नावावर काढलं, हे दाखवा. घेणारा अल्पवयीन असेल तर त्याच्या वतीने पालकाने हजर राहायला हवं, आणि तो पालक ऋणको नसावा. त्याचे हितसंबंध वेगळे आहेत. मागणारा जर परवाना नसलेला सावकार असेल, तर ऋणकोला महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम 2014 चा आधार आहे आणि जिल्हा उपनिबंधकांकडे तक्रार करता येते. हा मुद्दा हुकूमनाम्याच्या आधी दाव्यातच घ्यायला हवा.

हरकत फेटाळल्यानंतर

विक्री कर्ज फिटेल एवढ्याच मिळकतीची करायची असते. सहा लाखांसाठी सहा एकर विकायला काढली तर ऋणको आदेश 21 नियम 64 दाखवून लिलाव उलटवू शकतो. म्हणून गटाचा भाग पाडून विकता येईल का हे आधी पाहा, आणि तुकडेबंदीच्या मर्यादेचाही विचार करा. तुम्हाला स्वतः बोली लावायची असेल तर न्यायालयाची परवानगी आधी घ्या. लिलावात मिळकत घेणाऱ्याने 25 टक्के रक्कम लगेच आणि उरलेली 15 दिवसांत भरायची असते. विक्री रद्द करायच्या अर्जाला 60 दिवस असतात, ते संपून विक्री कायम झाली की प्रमाणपत्र मिळतं. ताब्याचा अर्ज एका वर्षात करावा लागतो.

बहुतेक प्रकरणं इथपर्यंत येत नाहीत. जाहीरनामा गावात लागला की तडजोडीचा निरोप येतो. तडजोड करायला हरकत नाही, पण हप्ते ठरले तर त्या कागदावर ऋणकोबरोबर बक्षीस घेणाऱ्याचीही सही घ्या आणि शेवटचा हप्ता मिळेपर्यंत मिळकतीवरची जप्ती कायम राहील असं त्यात लिहून घ्या. न्यायालयाबाहेर पैसे दिले असतील तर ते आदेश 21 नियम 2 खाली न्यायालयात नोंदवायला हवेत. ऋणकोसाठी याची मुदत 30 दिवसांची आहे. न नोंदवलेला भरणा दरखास्त न्यायालय विचारात घेत नाही, म्हणून पैसे देणाऱ्याने पावती घेऊन त्याच आठवड्यात अर्ज द्यावा.